फाटलेली दुपार

१२ ऑक्टोबर

पोहोचले एकदाची! ट्रकच्या हौद्यात बसून हाडं खिळखिळी झाली, वाटेत दोनदा टायर बसलं, नव्या लाल ओढणीला कुणाच्या तरी मेंढीने तोंड पुसलं. पण वाझदऱ्यात शिरलो तर अख्खा गाव डफ वाजवत रस्त्यावर! बायकांनी माझ्या उजव्या खांद्यावर शकुनाचं पीठ टाकलं. मूठ मूठ करत इतकं टाकलं की अलिनझर म्हणाला, नवरी आणलीय की गिरणीतून पोतं आणलंय तेच कळेना. मी सगळ्यांदेखत त्याला चिमटा काढला. पहिल्याच दिवशी बदनाम झाले.

ही वही गुलांदामताईची भेट. तिचं म्हणणं, सौसन, तुझं तोंड म्हणजे फुटलेला पाट, सासूसमोर ते मिटून ठेव आणि ओठावर येईल ते सगळं इथे ओत. बघू किती दिवस जमतंय.

घर माझ्या माहेरच्या, सरचश्म्याच्या घरासारखंच आहे. पाच खांब, मधे खोलगट जमीन, भोवती ओटे, वर छतात चौकोनात चौकोन बसवलेला झरोका. सासूबाई झेबोनिसो बुटक्या नि चटपटीत. कपाळाचा मुका घेतला आणि लगेच विचारलं, तंदूरला नान लावताना हात भाजून घेतेस का. मी म्हटलं, मी नान भाजते, हात नाही. त्या हसल्या नाहीत, पण अलिनझर हसला आणि मला तेवढं पुरलं.

सासरे मौलोदोद कोपऱ्यातल्या गादीवर बसून असतात. बोलत नाहीत, कुणाला ओळखत नाहीत. बाबांचं डोकं गेल्या हिवाळ्यात गेलं, असं अलिनझरने लग्नाआधीच सांगितलं होतं, लपवाछपवी केली नाही. पण काय देखणे आहेत! अंगावर एक सुरकुती नाही. मी त्यांचा हात ओठांना लावला तर तो सायीसारखा मऊ लागला.

गावाच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या पायथ्याशी, नुसता दगडगोट्यांचा पट्टा आहे. तिथे काय होतं म्हणून विचारलं तर ट्रकवाला म्हणाला, घरं होती, आणि त्याने रेडिओ मोठा केला.

२३ ऑक्टोबर

रुळले. सकाळचा चहा आता माझ्याकडे. दुधाच्या चहात इथे मीठ इतकं घालतात की पहिल्या दिवशी मला वाटलं सासूबाईंनी रागाने घातलंय. वर लोणी, अक्रोड, शिळा नान चुरून. अलिनझर दोन वाडगे रिचवतो आणि दिवसभर कुणाच्या ना कुणाच्या जीपखाली आडवा असतो. संध्याकाळी काळाकुट्ट होऊन येतो आणि मला मुद्दाम गालाला गाल लावतो. सुखात आहे मी, खोटं कशाला बोलू.

शेजारची शिरीनमो रोज येते. तिची जीभ माझ्याहून लांब, त्यामुळे आमचं लगेच गूळपीठ जमलं. माझ्याकडे बघून म्हणे, अगं, तुझ्या आईने सून पाठवली की काठी? शेळ्या हाकायला बरी आहेस.

एक गोष्ट लिहून ठेवते. रोज भर दुपारी डोंगरातून आवाज येतो, कुणीतरी लांब कुठे धान्याची पोती ओततंय असा. तो आला की सगळे थबकतात. शिरीनमोचा घास तोंडाशी थांबतो, सासूबाईंची टकळी थांबते. आवाज विरला की जिथल्या तिथून पुढे चालू. मी विचारलं तर शिरीनमो म्हणाली, डोंगराला जेवणानंतर ढेकर येतो गं. मी हसले. ती हसली नाही, आणि तिचं ते न हसणं मला आवडलं नाही.

९ नोव्हेंबर

आज बाबांना अंघोळ घालायला सासूबाईंना हात दिला. जन्मभर डोंगर चढलेला माणूस, आणि तळव्याला एक भेग नाही. गुडघ्याला वण नाही. तोंडात दात नाहीत, हिरड्या गुलाबी. केस धुताना माझी बोटं टाळूवर गेली तर टाळू मऊ होती आणि धपधप उडत होती, तान्ह्या बाळाची उडते तशी. मी दचकून हात काढला. सासूबाई म्हणाल्या, आजार आहे, पाणी घाल.

जेवताना अलिनझरशी भांडण, गोड भांडण. हिवाळ्याचे दिवस इथेही आमच्यासारखेच माणसाच्या अंगावर मोजतात. झरोक्यातून ऊन पडतं, त्याखाली एक माणूस उभा राहतो, आणि सूर्य आज त्याच्या कुठल्या अंगात आला ते पुकारतात. त्यावरून गावाला कळतं थंडी किती उरली, नांगर कधी काढायचा. आमच्या गावचे मोजणीदार माझे वडीलच. फरक इतकाच की वाझदऱ्यात सूर्य पायाच्या बोटांतून चढतो आणि नवरोजला, वसंतातल्या नव्या वर्षाला, डोक्यात पोहोचतो. सरचश्म्यात तो डोक्यातून खाली उतरतो. अलिनझर म्हणे, तुमच्या गावात सूर्यसुद्धा डोक्यावर आपटतो, म्हणून तुम्ही सगळे असे. मी म्हटलं, आणि तुमचा सूर्य गुडघ्यात अडकतो, म्हणून अकलाही तिथेच. सासूबाईंनी वाडगा आपटला. या घरात मोजणीची थट्टा नको म्हणाल्या. बाबा इथले मोजणीदार होते हे मला आज कळलं. कुणी सांगितलं असतं तर मी तोंड आवरलं असतं ना!

४ डिसेंबर

पाळी चुकून महिना होत आला. आज अलिनझरला सांगितलं. वेड्याने मला उचलून पाचही खांबांभोवती फिरवलं. मी ओरडतेय, अरे सोड, चक्कर येतेय, आणि हा आपला गातोय. मला मुलगी हवी आहे. त्याला काहीही चालेल, फक्त नाक माझ्यावर जाऊ नये म्हणतो, मेला.

सासूबाईंना सांगितलं तेव्हा त्यांनी मला छातीशी धरलं, पण बराच वेळ सोडलंच नाही. सोडल्यावर अलिनझरकडे बघितलं आणि तोंड फिरवलं. नातवंडाची बातमी ऐकून कुणी असं तोंड करतं का? मला वाईट वाटलं.

१७ डिसेंबर

आत्ताच लिहून ठेवते.

दुपारी पाटावर पाणी भरायला गेले होते. डोंगराखालच्या रांगेत खुरमो आजीचं घर होतं. गेल्याच आठवड्यात मी तिच्याकडे चहा प्यायले. तो आवाज आला आणि मी वर पाहिलं. आभाळ निळंभोर, डोंगरावर नवा बर्फ बोटभरही नाही. आणि तरी बर्फाचा कडा कोसळत होता. हळू, अगदी हळू. तो आजीच्या घरावर आला, घर त्याच्याखाली गेलं, आणि मग कडाही दिसेनासा झाला. मागे उरला दगडांचा पट्टा, ओला नाही, ताजा नाही, शेवाळलेला. मी खुरमो आजी, खुरमो आजी करत ओरडले. बाजूची बाई माझ्याकडे बघत राहिली. म्हणाली, अगं, आजी दोन हिवाळ्यांपूर्वीच गेली ना कड्याखाली, तू कुठे पाहिलीस तिला?

मी तिचा चहा प्यायलेय. तिने दिलेले जर्दाळू अजून माझ्या पेटीत आहेत.

१८ डिसेंबर

सासूबाईंनी आज सगळं सांगितलं. मधेमधे मी ओरडले, रडले, त्या थांबल्या आणि पुन्हा सांगत राहिल्या.

दोन हिवाळ्यांपूर्वी बाबा मोजणीला उभे होते आणि भर दुपारी कडा सुटला. मोजणीत उभ्या माणसाने स्वतःच्या तोंडाने ‘सूर्य माणसाबाहेर’ म्हटल्याशिवाय हलायचं नसतं. आमच्याकडेही तसंच. पण डोक्यावर डोंगर येत असताना कुणाला सुचतं? बाबा तसेच बाहेर पळाले. ती दुपार तिथेच फाटली. कड्याने चार घरं घेतली, पण तो पडून संपला नाही. तोच कडा अजून पडतोय. हिवाळा आला की रोज थोडा खाली येतो, आणि ज्याला घेतो तो दोन वर्षांपूर्वीच गेलेला ठरतो. गावाला आठवतसुद्धा नाही. आठवतं ते फक्त मोजणीच्या घराला.

मी म्हटलं, मग आजच निघूया. त्या म्हणाल्या, एक कुटुंब निघालं होतं. खाली शहरात चौथ्या मजल्यावर खोली घेतली. एका दुपारी चौघंही त्या खोलीत बर्फाखाली सापडली. ती दुपार जागेची नाही, माणसांची आहे. त्या दिवशी जो इथे होता त्याची आणि त्याच्या रक्ताची. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, तू तेव्हा इथली नव्हतीस. तू सुटशील. पोटातलं मात्र अलिनझरचं आहे.

यावर उपाय एकच, रफू. मोजणीच्या घरातल्या माणसाने पुन्हा उन्हात उभं राहायचं आणि आपल्या अंगाचा काळ, म्हणजे त्या अंगाने जगलेली सगळी वर्षं, द्यायचा, एकेका अंगाचा, तळापासून डोक्यापर्यंत. गेल्या हिवाळ्यात बाबा उभे राहिले. सगळं दिलं. पण ज्याने फाडलं त्याच्याच धाग्याने शिवलं, ते टिकलं नाही. कोरा धागा हवा.

मी बाबांकडे पाहिलं. ते माझ्याकडे बघून हसले, दात नसलेलं हसू. हा आजार नाही.

आता अलिनझर उभा राहणार आहे. त्याला हे लग्नाआधीपासून ठाऊक होतं का, विचारलं. तो म्हणाला, रफू टिकेल असं वाटलं होतं. दिवसभर त्याच्याशी बोलले नाही. मग तोच येऊन माझ्या पोटाला कान लावून बसला, आणि माझा राग कुठल्या कुठे गेला.

६ जानेवारी

सुरू झालं. तो अनवाणी, मधल्या जमिनीवर, खांबाला पाठ लावून उभा. झरोक्यातलं ऊन सरकत सरकत त्याच्या पायाच्या बोटांवर आलं. सासूबाईंनी पुकारलं, सूर्य बोटांत आला. मग त्या रिकाम्या सुईने त्या उन्हात टाके घालू लागल्या. बोटांना न टोचता, नुसत्या उजेडात. सुईत दोरा नाही, पण त्यांचा हात खाली ओढला जात होता, सुई जड होत होती. कपाळावर घाम. अलिनझर म्हणाला, गुदगुल्या होतात गं. ऊन सरकून गेलं की तो दिवसापुरता मोकळा, पण शब्द म्हणेपर्यंत रोज दुपारी त्यानेच उभं राहायचं.

डोंगर आज गप्प राहिला. गावाला कारण ठाऊक नाही, पण बरं वाटलेलं दिसलं. शिरीनमो लोण्याचा गोळा घेऊन आली, म्हणे, आज उगाच छान वाटतंय, खा मेले, तुला दोघांचं खायचंय.

त्याच्या पायाची नखं आता गुलाबी आहेत, कागदासारखी पातळ.

२५ जानेवारी

सूर्य एका अंगात साधारण आठवडाभर राहतो. बोटं झाली, घोटा झाला, पोटरी झाली. पोटरीवर लहानपणी विळा लागल्याचा वण होता, मी त्यावरून बोट फिरवायचे. तो गेला. बुजला नाही. लागलाच नव्हता असा गेला.

त्याला उभं राहता येत नाही. ज्या पायांनी कधी पाऊल टाकलंच नाही ते अंग कसं पेलतील? सासूबाई त्याला पट्ट्याने खांबाला बांधतात. तरी याची थट्टा चालूच, म्हणे, बाळाला मोजे विणतेस ना, दोन जोड जास्त विण, बापालाही लागतील. मी विणते आणि रडते. तो सोसतोय, तेही हसत. मला त्याचा राग येतो आणि त्याच्यावाचून जीवही राहत नाही.

४ फेब्रुवारी

आज गुडघे पुरे होत आले. पुढे मांड्या, आणि मग कंबर. मला एकदम काहीतरी सुचलं आणि मी सासूबाईंना सरळ विचारलं, कंबर दिल्यावर काय होतं.

त्या कणीक मळत होत्या. मळतच राहिल्या. मग म्हणाल्या, अंगाचा काळ गेला की त्या अंगाने केलेलंही जातं. जो जन्मला, ज्याने स्वतःचा श्वास घेतला, त्याचा काळ त्याचा असतो, म्हणून अलिनझर राहिला. पोटातल्याचा काळ अजून आईबापाच्या कमरेत असतो. गेल्या हिवाळ्यात मला पाचवा महिना होता, म्हणाल्या. या वयात, गावभर हसं होईल म्हणून कुणाला सांगितलं नव्हतं. बाबांच्या कमरेत सूर्य आला, आणि पोट सपाट. पडलं नाही, गळलं नाही. कधी नव्हतंच. फक्त मला आठवतं.

आणि तरी तुम्ही सुई थांबवली नाहीत, मी ओरडले. त्या म्हणाल्या, थांबवली असती तर अलिनझर गेला असता. कणकेचे हात तसेच तोंडावर ठेवून रडल्या. मीही त्यांच्या गळ्यात पडून रडले. आज पहिल्यांदा त्यांना मनापासून आई म्हटलं.

८ फेब्रुवारी

मला मार्ग सापडला! खुदा करो आणि तो खरा ठरो.

अलिनझरच्या मांड्या या आठवड्यात पुऱ्या होतील. तिथेच त्याला सोडवायचं. एक अंग पुरं झालं की उभ्या माणसाने ‘सूर्य माणसाबाहेर’ हा शब्द म्हणून बाहेर पडावं आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्याने उभं राहावं, टाका तुटत नाही, हे आईंना पक्कं ठाऊक आहे. पुढची मी उभी राहीन. लग्न होऊन याच घरात आले, म्हणजे मीही मोजणीच्या घरातली, आणि माझा धागा कोरा. पण यांच्या रीतीने नाही. आमच्या रीतीने, वरून खाली! डोकं, तोंड, गळा, छाती. कंबर यायच्या आत मी शब्द म्हणून बाहेर. त्याचे पाय आणि माझा वरचा भाग, दोघांचा मिळून एक माणूस. मधलं उरलं ते आई देणार. म्हणाल्या, माझा धागा जुना, पण एवढ्याशा भोकाला पुरेल.

डोक्याचं काय होईल, त्यांनी विचारलं. थोडं विसरेन, मी म्हटलं. वही आहे की. आणि पोटातली मला कशी विसरू देईल? परवापासून हलतेय. कुणीतरी आतून बोटाने टिचकी मारतंय असं वाटतं. इतका आनंद मला आयुष्यात झाला नाही.

अलिनझरला यातलं काही सांगायचं नाही. तो ऐकणार नाही.

१३ फेब्रुवारी

त्याला सांगितलं की उरलेलं आई देणार, त्या गावासाठी देतायत, तू अडवू नकोस. बाळाचंही सांगितलं. त्याने माझ्या पोटावर तळवा ठेवला. मग खांबाला बांधलेला तसाच म्हणाला, सूर्य माणसाबाहेर, आणि मान टाकली. डोंगर हलला नाही.

आज त्याला घसरगाडीवरून खालच्या इस्पितळात नेलं. आठवड्याने येते म्हणून मी वचन दिलं. लोकर पांघरून निघाला, वळणापर्यंत हात हलवत होता. खोटं वचन दिलं. पण नवरोजनंतर पोटुशी बायको समोर उभी राहिली की माफ करील.

१४ फेब्रुवारी

ऊन डोक्यावर. मी स्वतःच पुकारलं, सूर्य डोक्यात आला. आवाज अगदी माझ्या वडिलांसारखा निघाला, मला अभिमान वाटला. आईंची सुई टाळूजवळ फिरत होती. दुखत नाही. खूप लांबचा प्रवास करून आल्यावर झोप येते तसं वाटतं.

डोंगर गप्प.

१९ फेब्रुवारी

आज शिरीनमो आली, मला तिचं नाव आठवेना. तिने दोन्ही गाल ओढले, म्हणे, पोटुशी बायका वेंधळ्याच होतात, मी तर एकदा नवराच विसरले होते बाजारात. हसले खूप. ती गेल्यावर वहीत नाव शोधून काढलं.

केस गळून नवे येतायत, जावळासारखे. टाळू मऊ लागते. बाबांची टाळू आठवली आणि हात मागे घेतला.

बाळ लाथा मारतं. हे विसरले नाही. कंबर यायच्या आत शब्द म्हणायचा, हे रोज सकाळी वाचते.

२२ फेब्रुवारी

सूर्य तोंडात आला.

आई म्हणाल्या, जपून. मी म्हटलं, कशाला जपू, आता तरी तुम्हाला माझ्या बडबडीपासून सुटका. त्या हसल्या. पहिल्यांदा हसल्या.

२५ फेब्रुवारी

दात हलतायत. काही शब्द येत नाहीत. पाणी म्हणायला जाते तर तोंडात नुसती हवा. जीभ जड नाही. जिभेला माहीतच नाही कसं वळायचं.

२६ फेब्रुवारी

अरे खुदा.

शब्द तोंडाने म्हणायचा असतो. उभ्या माणसाने. स्वतःच्या तोंडाने. आणि मी तोंड आधी दिलं.

आमच्या गावात वरून मोजतात, पण तिथे कुणी काही देत नाही, नुसतं मोजतात. मोजणी संपली की शब्द म्हणतात, तोंड जागेवरच असतं. इथे खालून मोजतात म्हणून तोंड शेवटी. म्हणून. मी यांच्या रीतीला हसले. मला वाटलं मी हुशार.

सगळं लिहून आईंना दाखवलं. त्यांच्या हातातली सुई पडली. त्यांच्या डोक्यात हे आलंच नव्हतं, या गावात वरून कुणी मोजलंच नव्हतं.

लिहिलेलं चालतं का? चालत नाही. माझ्यासाठी दुसऱ्याने म्हटलं तर? आईंनी म्हणून पाहिलं. ऊन हललं नाही.

२७ फेब्रुवारी

आज जीभ वळत होती थोडी. सकाळपासून आई माझ्यासमोर बसून शब्द म्हणतायत, मी ओठ हलवते. सू — एवढं आलं. एवढंच. दुपारी पुन्हा टाके पडले आणि तेही गेलं.

न म्हणता बाहेर पडले तर दुपार पुन्हा फाटेल. अलिनझर इस्पितळात — हे माझ्या पोटात — शिरीनमो — सगळे. इथे थांबले तर फक्त —

फक्त म्हणवत नाही. फक्त नाहीये ती.

मार्च

दात गेले. आई मला दूध-चहा बोळ्याने पाजतात. बाबांशेजारी बसवतात. बाबा माझ्याकडे बघून हसतात, मी त्यांच्याकडे.

गळा झाला. रडायला गेले तर आवाज — ट्यांहां — तान्ह्यासारखा. पोटातली दचकली.

मार्च

वहीत लिहिलंय अलिनझर. नवरा आहे माझा. चेहरा आठवत नाही, पण नाव वाचलं की त्यावरून पुन्हा पुन्हा बोट फिरवते.

छातीत सूर्य. हृदय फार जोरात पळतंय, मोजता येत नाही. आई सुई हळू चालवतात, मुद्दाम, एक टाका, मग थांबतात. आज कमी टाके पडले तर डोंगर गुरगुरला. पुन्हा भराभर —

हात माझे आहेत. हात कुठल्याच मोजणीत नाहीत. म्हणून लिहिते.

मार्च

विसरतेय. रोज वाचते. कंबर यायच्या आत. कंबर यायच्या आत. काय करायचं होतं ते वाचते आणि करता येत नाही.

आई म्हणाल्या, बाहेर हो, पळ, पडू दे कडा, मी बघते. मला उन्हातून ओढलं. लगेच वर कडकड — झरोक्यातून बर्फाचा भुगा आत आला — मीच परत उन्हात गेले. तिला तर बर्फही घेईल. तिलाच आधी घेईल.

मार्च

आज.

ऊन छातीवरून खाली सरकतंय. वही भिंतीला लावून उभ्यानेच लिहिते. आई माझ्यापुढे उभ्या राहिल्या, पोटावर दोन्ही हात दाबून धरलेत, ऊन त्यांच्या हातातून आरपार येतंय, अडत नाही. त्या ओरडतायत, माझं घे, माझं घे. सुई हवेत आपोआप —

लाथ मारली. आहे. अजून आहे. पुन्हा. जोरात मारतेय, तिला कळलंय —

तोंड उघडतेय, उघडतेय मी, सू — सूर्य माणसाबाहेर सूर्य माणसाबाहेर सूर्य मा

मार्च

दुपार टळली. डोंगर शांत आहे. फार बरं वाटतंय, हलकं.

एक म्हातारी बाई माझ्या कुशीत तोंड खुपसून रडतेय. कनवाळू दिसते. मी तिच्या केसांवरून हात फिरवला तर आणखीच रडली. माझा झगा पोटाशी इतका सैल आहे की तिचं सगळं डोकं त्यात मावतं. नवा दिसतोय, मुद्दाम कापड घालून वाढवलेला. टाके तिच्याच हातचे असावेत. बोलता येत नाही म्हणून लिहून विचारते — बाई, हा एवढा सैल झगा तुम्ही कोणासाठी